निजलेलं खळं

इंदूरला समुद्र नाही, यावरून मी आता कुणाशी भांडत नाही. लग्न होऊन नवी आले तेव्हा भांडायचे. मल्हारगंजातल्या सासरच्या घरात, पहिल्याच मे महिन्यात, मी सासूबाईंना विचारलं होतं, "आगोटीला काय काय भरायचं?" त्या माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. आगोट म्हणजे पावसाळ्याआधीची बेगमी, हे मला समजावून सांगावं लागलं. आमच्या बंदरावर पावसात होड्या बंद, बाजार बंद, वाटा चिखलाच्या. म्हणून मे संपता संपता तांदूळ, मीठ, कांदे, सरपण आणि सुकी मासळी घरात भरून ठेवायची. सासूबाई म्हणाल्या, "बेटा, इथे तर बारा महिने सगळं मिळतं. काय को टेन्शन घेतेस?" खरंच होतं त्यांचं. ज्या गावात बारा महिने सगळं मिळतं तिथे आगोट कशाला असेल? तरी मे संपत आला की माझे हात आपोआप डबे घासायला लागतात. सव्वीस वर्षं झाली, सवय जात नाही.

यंदाही माहेरून सुक्या मासळीचं पार्सल आलं. आईचं पार्सल बांधणं ठरलेलं आहे. आत प्लास्टिक, त्यावर वर्तमानपत्र, त्यावर जुन्या लुगड्याचा तुकडा आणि वरून सुतळीचे इतके वेढे, की सोडवताना नखं दुखतात. कुरिअरवाल्याने ते दोन बोटांत धरून माझ्या हातात दिलं. आता आम्ही मल्हारगंज सोडून फ्लॅटमध्ये राहतो. समोरच्या दारातून किरणजींनी डोकावून विचारलं, "भाभीजी, गैस लीक हो रही है क्या?" दरवर्षी त्या हेच विचारतात, आणि दरवर्षी मी म्हणते, "नहीं किरणजी, मायके से आया है." मग त्या "हौ" म्हणतात आणि दार लावून घेतात. दुसऱ्या दिवशी कचऱ्याच्या गाडीवरच्या बाईने माझी पिशवी हुंगून विचारलं, "ये गीले में जाएगा कि सूखे में?" स्वच्छतेचा एवढा डंका असलेल्या शहरात माझ्या माहेरचा वास कुठल्या डब्यात टाकायचा ते अजून कुणी ठरवलेलं नाही. आणि विलास, माझा नवरा, पक्का इंदुरी. जवळ्याच्या चटणीवरसुद्धा शेव भुरभुरवून खातो. मी डोळे वटारले की म्हणतो, "अरे यार, जमतंय तर जमतंय ना!"

हे झालं मे महिन्यातलं. आता श्रावण चालू आहे आणि जेवणाच्या टेबलावर, मिठाच्या बरणीखाली, चार दिवस एक कागद पडून आहे. सोसायटीची गच्ची एका मोबाईल कंपनीला टॉवर उभारायला द्यायची आहे. कागदावर हिंदीत टाइप केलंय, की छत खाली पडी है, किसी के उपयोग में नहीं है, और हमें कोई आपत्ति नहीं है. खाली सगळ्या घरांच्या सह्या. आमच्या घरापुढची जागा तेवढी कोरी. विलासला वाटतं मी टॉवरच्या लहरींना घाबरते. "बँकेच्या मुख्य शाखेत बसतो मी दिवसभर, चार-चार टॉवर आहेत तिथे, काय झालं मला?" असं तो छाती पुढे काढून विचारतो. मी लहरींना घाबरत नाही. गच्ची रिकामी पडली आहे या एका ओळीला घाबरते. अशाच एका ओळीखाली, मराठीत, माझी सही आहे, आणि ती सगळ्यांत पहिली आहे.

आमच्या गच्चीवर मे महिन्यात पाय ठेवायला जागा नसते. आलूच्या चिप्स, साबूदाण्याचे पापड, मुगाच्या बड्या, लाल मिरच्या. तेलाच्या रिकाम्या डब्यांत वाळू भरून त्यात बांबू उभे करतो आणि त्यांना दोऱ्या बांधतो. किरणजी पहाटे पाचला वर असतात, कारण चांगला कोपरा त्यांना हवा असतो. दुपारी गरम झळा लागतात तरी कुणी ना कुणी कावळे हाकायला बसलेलं असतं. आणि पाऊस सुरू झाला की सगळं खाली येतं, डबे जिन्याखाली जातात, गच्चीवर शेवाळ धरतं. कुणी वर फिरकत नाही. मग एक दिवस कुणीतरी कागद घेऊन येतं. हे असले कागद नेमके पावसातच का निघतात, ते मला आता कळलं आहे.

आमच्या बंदराबद्दल इथे सांगायला गेलं की माझं डोकं फिरतं. विलासच्या ऑफिसातले लोक म्हणतात, "भाभी, बीच के पास रहते थे? मजे थे आपके तो!" बीच कुठला आलाय? खाडीच्या तोंडाशी चिखल होता, त्यावर डिझेलचा इंद्रधनुष्यी तवंग होता, एक धक्का होता, त्याच्या पायऱ्यांवर कालवं चिकटलेली होती आणि अनवाणी चाललं की तळपाय कापायचे. धक्क्यामागे बर्फाचा कारखाना होता. लाद्या फोडायचा त्याचा आवाज आमच्या शाळेत ऐकू यायचा आणि त्याच्या भोंग्यावर अख्खं गाव जेवायचं. पलीकडे होड्यांचं काम करणारे सुतार बसायचे. फळ्यांच्या फटीत तेला-राळेत भिजवलेला कापूस ते छिन्नीने ठोकून बसवत, आणि तो टक् टक् आवाज दुपारभर चालायचा. खाडीच्या आतल्या अंगाला मिठागरं होती. मासळीला मीठ लागायचं, होडीला बर्फ लागायचा, बर्फाला गिऱ्हाईक लागायचं. एकाचं अडलं की सगळ्यांचं अडायचं. कुणीही 'मजे' करत नव्हतं, पण कुणी रिकामंही बसत नव्हतं.

मासळी आणायची पुरुषांनी. आणल्यावर तिचं काय करायचं ते बायकांनी ठरवायचं. लिलावात न गेलेला सगळा माल खळ्यावर यायचा. खळं म्हणजे मासळी वाळवायची मोकळी जागा. आमचं खळं धक्क्याच्या उजव्या हाताला होतं, शेणाने सारवलेलं, घरातल्या ओटीइतकं गुळगुळीत. त्यावर जवळा, म्हणजे बारीक कोळंबी, पसरायचा, गुलाबी, पायाखाली येऊ नये म्हणून कडेने दगड लावून. आणि मधे वलांड्या, म्हणजे उभे बांबू रोवून त्यांना आडवे दोर बांधलेले. ओल्या बोंबलांच्या जोड्या करायच्या, एकाचा जबडा दुसऱ्याच्या जबड्यात अडकवायचा आणि जोडी दोरावर टाकायची. दिसायला सोपं. मला सात वर्षांची असताना आईने शिकवलं तेव्हा बोटं रक्ताळली होती, कारण बोंबील मऊ असला तरी त्याचे दात मऊ नसतात. आई न बघता जोड्या करायची आणि करता करता तीन खळी पलीकडच्या बाईशी भांडायची. अकरा बायकांचं मिळून आमचं खळं होतं. कागद कुणाकडे नव्हता. आजीच्या आजीपासून तिथेच वाळवत आलो, एवढाच पुरावा.

आणि पाऊस तोंडावर आला की खळं निजवायचं. ही आमची रीत. वलांड्या उपटायच्या, बांबू धुऊन घराच्या माळ्यावर टाकायचे, रोवल्याचे खड्डे मातीने बुजवायचे. मग खळं झाडायचं, इतकं की एक खवला दिसता कामा नये. कोपऱ्यातल्या दगडाला हळदकुंकू लावायचं, नारळ फोडायचा, आणि सगळ्यांनी मागे न बघता निघायचं. त्या दिवसापासून नारळी पुनवेपर्यंत खळ्यात पाऊल टाकायचं नाही. बांबू रोवणं तर लांबच. नऊ महिने ते आमच्यासाठी उन्हात भाजून निघतं, तीन महिने त्याला झोपू द्यावं, असं आई म्हणायची. चुकून एखादी शेळी शिरली तरी बाया बाहेरूनच दगड मारायच्या.

ज्या वर्षीचं मला सांगायचं आहे त्या वर्षी खळं मी झाडलं होतं. लग्न ठरलेल्या मुलीला तो मान असतो. माझं इंदूरचं स्थळ चैत्रात ठरलं होतं, लग्न दिवाळीनंतर होतं, आणि खळं झाडलं त्याच महिन्यात माझा बी.कॉम.चा निकाल लागला होता. आमच्या आळीतली मी पहिली ग्रॅज्युएट. माझी कॉलर इतकी ताठ झाली होती की मान वळत नव्हती. बाया माझ्याकडून पत्रं वाचून घ्यायच्या, औषधाच्या बाटलीवरचं वाचून घ्यायच्या, आणि जनाकाकी, जी कधी कुणाला चांगलं म्हणायची नाही, ती येता-जाता म्हणायची, "आमची शिकलेली बाय हाय ती." मला ते फार आवडायचं. आता त्या शब्दांनी कानशिलं तापतात.

त्या पावसाळ्यात मी बंदर डोळ्यांत भरून घेत होते. कोरड्यावर ओढलेल्या होड्या नारळीच्या झापांखाली पाठ करून झोपलेल्या. बर्फाचा कारखाना बंद, त्यामुळे जेवायची वेळ कुणालाच कळत नव्हती. घराघरात दोरीवर जाळी टांगलेली आणि पुरुष तोंडात सुतळी धरून भोकं सांधत बसलेले. चुलीवर बोंबील भाजला की वास धुराबरोबर कौलांतून बाहेर जायचा आणि त्यावरून कुणाकडे किती आगोट शिल्लक आहे याचा अंदाज आळी बांधायची. मी इंदूरला जाणार, तिथे हे काही नसणार, हे मला माहीत होतं. पण जे मागे ठेवून जातेय ते जागच्या जागी राहील अशी खात्री होती. माहेर आपली वाट बघत तसंच उभं राहतं, असला काहीतरी गोड गैरसमज त्या वयात असतो.

नारळी पुनव पंधरा दिवसांवर होती. भुरभुर पाऊस होता. सरकारी ऑफिसातून एक साहेब आला, बरोबर टेप धरायला एक माणूस. धक्का वाढवायचा विचार आहे, आजूबाजूच्या जागांची पाहणी करतोय, म्हणाला. बायांनी मला घरातून हाक मारून नेलं. साहेब भला माणूस होता, हे मुद्दाम सांगते. उर्मट असता तर बरं झालं असतं, मी भांडले असते. तो खळ्यात पाऊल टाकणार एवढ्यात मी म्हणाले, "साहेब, बूट घालून नको. खरं तर अनवाणीसुद्धा नको. पावसाळ्यात आम्ही कुणी इथे पाऊल ठेवत नाही."

"कुणीच नाही?"

"नारळी पुनवेपर्यंत कुणीच नाही. आमचं खळं निजलेलं असतं."

तो हसला. "छान आहे हो तुमची पद्धत," म्हणाला, आणि खरोखर आत गेला नाही. कडेकडेने टेप लावून मोजलं. मी त्याला हळदकुंकवाचा दगड दाखवला, खड्डे कसे बुजवतो ते सांगितलं. पाहुण्याला घर दाखवावं तसं मी त्याला ते रिकामं खळं दाखवलं. किती स्वच्छ आहे बघा, एक बांबू नाही, एक खवला नाही!

मग त्याने छत्रीखाली उभं राहून कागद लिहिला आणि माझ्या हातात दिला. "ताई, तुम्ही शिकलेल्या आहात. वाचून दाखवा सगळ्यांना." मी खणखणीत आवाजात वाचला. आज रोजी सदर जागेची पाहणी केली असता जागा मोकळी आढळली. जागेत कोणतीही वस्तू, बांधकाम अथवा वापर दिसून आला नाही. सध्या जागेत कोणीही जात नसल्याचे उपस्थितांनी सांगितले. पूर्वेस खाडी, असं लिहिलं होतं. ते चूक होतं, खाडी पश्चिमेला होती. मी ते दाखवलं, साहेबाने खोडून दुरुस्त केलं आणि म्हणाला, "बघा, म्हणून शिकलेलं माणूस लागतं." जनाकाकीने आजूबाजूला बघून मान डोलावली. मग कागदावर चूक अशी काही उरलीच नाही. सगळं खरं होतं. मी सही केली, वळणदार, आडनावासकट. माझ्याखाली बायांनी सह्या केल्या, अंगठे उठवले.

आई तिथे नव्हती. सही करून मान वर केली तेव्हा ती दिसली, खळ्याच्या पलीकडच्या कडेला, पावसात, डोक्यावर पोत्याची खोळ आणि खांद्यावर दोन बांबू. मी तिला हात केला. ती नुसती उभी होती. मला वाटलं, कुठले तरी राहिलेले बांबू माळ्यावर टाकायला निघाली असेल. ती पुढे आली, माझ्या नावाखाली आठव्या की नवव्या नंबरावर तिने अंगठा लावला आणि बांबू घेऊन घरी गेली.

त्या नारळी पुनवेला वलांड्या पुन्हा उभ्या राहिल्या, पुढच्या वर्षीही राहिल्या. तिसऱ्या वर्षी खळं निजलेलं असतानाच त्याला सरकारी कुंपण घातलं गेलं. मी तेव्हा इंदूरला, लेकीच्या पाळण्याला झोका देत, फोनवर ऐकत होते. बाया ऑफिसात गेल्या तर त्यांना कागद दाखवला. जागा रिकामीच होती, तुम्हीच लिहून दिलंय. आता तिथे काँक्रीट आहे, गाड्या लावतात. मासळी नेणाऱ्या टेम्पोंनासुद्धा जागा हवीच ना, असं लोक म्हणतात आणि तेही खरंच आहे. अकरांतल्या सात बायकांनी वाळवणं सोडलं. आई आणि बाकीच्या तिघी रस्त्याच्या कडेला वाळवतात. गाडी गेली की धूळ उडते. सुतारांनी काम टाकलं, होड्या फायबरच्या आल्या, मिठागरं बुजली. सगळ्याला माझी सही जबाबदार नाही, एवढं मलाही कळतं. पण बाकीच्या कशावर माझी सही नाही.

माहेरी मला कुणी एका शब्दाने बोललं नाही, याचाच सगळ्यात जास्त त्रास होतो. कुणी तरी एक शिवी हासडायला हवी होती. जनाकाकी अजून आहे, कमरेत वाकली आहे. मी गेले की रस्त्यावरच्या जवळ्याशेजारी बसून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते, "ही आमची शिकलेली बाय!" मला वाटतं, तिथल्या तिथे तो जवळा डोक्यावर ओतून घ्यावा.

मागच्या वर्षी इथल्या लालबागेच्या मैदानावर जत्रा भरली होती. एका स्टॉलवर कोकणचा बोर्ड, त्यावर शिडाची होडी रंगवलेली. मी विलासला ओढत घेऊन गेले. आत कोकम सरबत, आंबापोळी, काजू. मी विचारलं, "सुकट नाही का?" विकणारा मुलगा इथलाच. म्हणाला, "वो क्या होता है आंटी?" मी होडीकडे बोट दाखवून म्हटलं, "मग ही कशाला काढली आहे?" विलास कानाशी पुटपुटला, "चल ना यार, लोक बघतायत." सरबत घेतलं. त्यावर शेव नव्हती, एवढंच नशीब.

तर हा कागद. काल मी तो घेऊन किरणजींकडे गेले. त्यांची सही तिसऱ्या नंबरावर आहे. मी म्हटलं, "किरणजी, आपने पढा इसमें क्या लिखा है?"

"हौ. छत खाली है."

"खाली है? और आपके पापड? आपकी बडी?"

"अरे वो तो गर्मी में, भाभीजी. अभी तो खाली ही है ना. झूठ थोडी लिखा है."

मी दारात उभी राहून त्यांच्याकडे बघत राहिले. पहाटे पाचला कोपऱ्यासाठी भांडणारी बाई, हातात पोळीचं लाटणं, चेहऱ्यावर अगदी निर्मळ खरेपणा. माझा आवाज चढला. मी म्हटलं, सही खोडा. त्या म्हणाल्या, एकदा केलेली सही कशी खोडायची, अच्छा नहीं लगता. मग त्यांना वाटलं मी मासळीच्या वासावरून डूख धरून आले आहे. मी घरी येऊन भांडी आपटली. संध्याकाळी सोसायटीचा सेक्रेटरी आला. चाळिशी उलटली तरी सगळे त्याला गोलूभियाच म्हणतात. "आंटीजी, कल ग्यारह बजे कंपनीवाला फोटो लेने आ रहा है. आप साइन कर दो तो ठीक, नहीं तो भी चलेगा, मेजॉरिटी हो गई." माझी सही नसली तरी चालणार होतं. तेव्हा पहिली लागली होती, आता शेवटचीही नको होती.

गोलूभिया गेल्यावर मी आईला फोन लावला. ती आता पंच्याहत्तरीला आली आहे. सव्वीस वर्षं जे विचारलं नव्हतं ते विचारलं.

"आई, तो साहेब खळं मोजायला आला होता ना, तेव्हा तू मला अडवलं का नाहीस?"

"कवाचा काय काढतंस गो?"

"सांग ना."

"आलेली की अडवायला. तू बघितलंस ना मला? दोन बांबू घेऊन आलेली."

"ते तू माळ्यावर टाकायला नेत होतीस."

"येडी काय तू? माळ्यावरनं काढून आनलेले. म्हटला, दोन तरी रोवूया, साहेबाला दिसूदे हितं काय चालता ते. पावसात मोजायला आलेल्याला चिखलाबिगर काय दिसनार?"

"पुनवेच्या आधी रोवणार होतीस? निजलेल्या खळ्यात?"

"मग? खळ्याची माफी मागून घेतली असती मागनं. साहेब काय परत येनार होता?"

"मग रोवले का नाहीस?"

पलीकडे आईने टीव्हीचा आवाज कमी केला.

"तू वाचत होतंस," आई म्हणाली. "मोठ्यानं. जना ऐकत होती, समद्या बाया ऐकत होत्या. साहेबाला चूक दाखवलंस तू. मी तुला असा कदी बघितलाच नव्हता. म्हटला, आता मधी तोंड घातला तर चार बायांत लेकीचा काय ऱ्हाईल? मंग मी पन अंगठा लावला." आणि लगेच, जणू काही झालंच नाही, "यंदा बोंबलाला धूळ लागली काय गो? नीट धुवून घे."

मी फोन ठेवला. रडू आलं असतं तर बरं झालं असतं. राग आला. एवढा राग मला त्या साहेबाचा कधी आला नव्हता, कागदाचा आला नव्हता. वर्षाचे नऊ महिने उन्हात बसून मिळवलेली जागा तिने माझ्या चार ओळींच्या वाचनावरून ओवाळून टाकली, आणि मला एका अक्षराने सांगितलं नाही. कुणी सांगितलं होतं तिला माझी लाज राखायला? मी काय मरणार होते चार बायांत खाली बघावं लागलं असतं तर?

आज सकाळी साडेदहाला मी जिन्याखालून वाळूचे दोन डबे ओढून काढले. विलास म्हणाला, "डोकं फिरलं का तुझं? पाऊस पडतोय." मी म्हटलं, "बांबू धर." त्याने धरले, तेवढा तो चांगला आहे. गच्चीवर शेवाळावरून पाय सरकत होता. डबे ठेवले, बांबू उभे केले, पार्सलची सुतळी जपून ठेवली होती ती बांधली, आणि आईचे उरलेले सगळे बोंबील त्यावर टांगले. रस्त्याच्या कडेला वाळलेले, धूळ लागलेले. पावसात ते पुन्हा मऊ पडायला लागले आणि वास असा सुटला, की दुसऱ्या मजल्यापर्यंत खिडक्या बंद झाल्याचे आवाज आले.

किरणजी वर आल्या. नाकावर पदर. "भाभीजी, बारिश में कौन सुखाता है?" एक डबा कलंडत होता, त्यात वाळू कमी पडली होती. त्यांनी त्या डब्याकडे बघितलं. मग एका हाताने पदर तसाच दाबून धरला आणि दुसऱ्या हाताने तो बांबू धरला.

जिन्यात पावलं वाजली. गोलूभिया आणि त्याच्यामागे कंपनीचा माणूस, हातात मोबाईल. दोघंही दारातच थांबले.

"आंटीजी, ये थोडा हटा लो," गोलूभिया म्हणाला, "भैया को खाली छत का फोटो लेना है."

मी माझा बांबू घट्ट धरला. "फोटो लीजिए ना, भैया," मी म्हटलं. "ये भी आना चाहिए."

त्याने मोबाईल वर केला. पाऊस तोंडावर येत होता, बोटांना मासळीचा वास होता. मी हलले नाही.